बेकायदा वाळू उपसा न्यायालयातून थांबवायचा असेल तर: तयारी, क्रम आणि नेहमी होणाऱ्या चुका

वाळू उपशाविरुद्धचा अर्ज फेटाळला जातो तेव्हा नदीत उपसा होत नव्हता असा निष्कर्ष न्यायालयाने काढलेला असतो असे नाही. बहुतेक वेळा अर्ज मुदतीबाहेर गेलेला असतो, चुकीच्या दारात दाखल झालेला असतो, ज्याच्याविरुद्ध आदेश हवा त्याला पक्षकारच केलेले नसते, किंवा पुराव्याच्या नावाखाली वर्तमानपत्राची कात्रणे आणि व्हॉट्सअॅपवर आलेली छायाचित्रे जोडलेली असतात. गावोगावचे असे अर्ज दाखल होण्यापूर्वी तपासून देण्याचे काम मी करतो आणि त्याच त्या चुका पुन्हा पुन्हा दिसतात, म्हणून हा लेख क्रमवार लिहिला आहे. तो महाराष्ट्रातील नद्या आणि खाड्या डोळ्यांसमोर ठेवून लिहिला असून, प्रत्यक्ष दाखल करताना वकिलाचा सल्ला घ्यावा हे गृहीत धरले आहे.

१. नेमके काय थांबवायचे आहे ते आधी ठरवा

"आमच्या नदीतून बेकायदा वाळू उपसा सुरू आहे" हे वाक्य तक्रारीला पुरते, न्यायालयाला पुरत नाही. त्याखाली तीन निरनिराळ्या गोष्टी दडलेल्या असतात आणि प्रत्येकीचा रस्ता वेगळा आहे.

पहिली, जिथे लिलाव, परवाना, ठेका काहीच नाही आणि रात्री ट्रॅक्टर-हायवा (मोठे डंपर) लागतात. ही सरळ चोरी आहे. दुसरी, जिथे घाटाचा, म्हणजे वाळू काढण्यासाठी ठरवून दिलेल्या नदीच्या पट्ट्याचा, लिलाव झालेला आहे, पण ठेकेदार मंजूर गटाबाहेर, मंजूर खोलीच्या खाली, बंदीच्या काळात किंवा सक्शन पंप व पोकलेन लावून उपसा करतो. हा अटींचा भंग आहे. तिसरी, जिथे पर्यावरण मंजुरीच चुकीच्या आधारावर दिली गेली आहे, म्हणजे जिल्ह्यात कुठे किती वाळू काढता येईल हे सांगणारा जिल्हा सर्वेक्षण अहवाल नाही, किंवा आहे पण नदीत वर्षाला किती वाळू परत साठते याचा अभ्यासच त्यात नाही. हे मंजुरीला आव्हान आहे.

तिन्ही एकाच अर्जात कोंबण्याचा मोह आवरा. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाच्या (पर्यावरणाचे वाद ऐकणाऱ्या विशेष न्यायासनाच्या) नियमांनुसार एक अर्ज एकाच वादकारणावर, म्हणजे ज्या घटनेमुळे वाद उभा राहिला तिच्यावर, आधारलेला असावा लागतो, आणि मंजुरीला आव्हान देण्याची मुदत तर इतकी तोकडी आहे की तिच्यापायी बाकीचा चांगला अर्जही अडचणीत येतो.

तपासून पाहा: नदीचे नाव, गाव, लगतचे गट नंबर, अक्षांश-रेखांश आणि वरील तिन्हींपैकी प्रकार, एवढे एका वाक्यात लिहिता येते का? येत नसेल तर पुढे जाऊ नका.

२. कागद गोळा करा

घाट लिलावात गेलेला आहे की नाही, हेच अनेकांना नक्की माहीत नसते. त्यामुळे पहिला अर्ज माहिती अधिकाराचा असतो. तो जिल्हाधिकारी कार्यालयातील खनिकर्म शाखेकडे आणि तहसील कार्यालयाकडे स्वतंत्रपणे द्यावा. महाराष्ट्राच्या नियमांनुसार अर्ज एकाच विषयाचा आणि साधारण १५० शब्दांच्या आत असावा लागतो. "गेल्या दहा वर्षांतील सर्व वाळू घाटांची संपूर्ण माहिती" मागणारा अर्ज याच कारणाने परत येतो. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस.

मागायचे ते कागद असे: संबंधित घाटाचा करारनामा व ताबा पावती, सीमांकनाचा नकाशा, पर्यावरण मंजुरीचे पत्र अटींसह, खाणकाम आराखडा, ग्रामसभेचा ठराव, दिलेल्या वाहतूक पासांचा महिनावार तपशील, आणि त्या घाटावर आजवर झालेले पंचनामे व दंडाचे आदेश. शेवटच्या दोन गोष्टी लोक हमखास विसरतात, आणि प्रकरण उभे राहते ते बहुधा त्यांच्यावरच. तहसीलदारांनी स्वतः दोनदा दंड केलेला असेल तर उपसा झाला की नाही हा वादच उरत नाही. वाद उरतो तो दंड करूनही तो का थांबला नाही, एवढाच.

पर्यावरण मंजुरी माहिती अधिकाराची वाट न पाहता केंद्र सरकारच्या परिवेश पोर्टलवर शोधता येते. वाहतूक पासांची नोंद राज्याच्या महाखनिज प्रणालीत असते. करारनाम्यातील वेळेची अट लक्षपूर्वक वाचा. उपशाची वेळ आणि वाहतुकीची वेळ या दोन निराळ्या गोष्टी असू शकतात, आणि रात्रीच्या हायवाचे छायाचित्र दाखवून "हा रात्रीचा उपसा" असे म्हणणारा अर्जदार पहिल्याच तारखेला उघडा पडतो.

समोरून येणारा बचाव आत्ताच ओळखून ठेवा. "हा गाळ काढण्याचा कार्यक्रम आहे", "पुरानंतर शेतकऱ्याच्या शेतातली वाळू हटवली जाते आहे", "घरकुलाच्या लाभार्थ्यांची वाळू आहे" ही तीन उत्तरे ठरलेली असतात. केंद्राच्या १५ जानेवारी २०१६ च्या अधिसूचनेने काही कामांना पर्यावरण मंजुरीतून खरोखरच सूट दिलेली आहे, आणि घरकुलासाठी पाच ब्रासपर्यंत (एक ब्रास म्हणजे १०० घनफूट) मोफत वाळू देण्याची तरतूदही राज्याच्या धोरणात आहे. त्यामुळे त्या गावातील घरकुल लाभार्थ्यांची यादी आणि त्यांना दिलेले पास हेही मागून ठेवा. बारा लाभार्थी असतील तर साठ ब्रास होतात, आणि खड्डा सहाशे ब्रासचा असेल तर बचाव तिथेच संपतो.

३. पुरावा: मोजमाप आधी, छायाचित्र नंतर

सगळा भर छायाचित्रांवर देणे ही सर्वांत महागात पडणारी चूक आहे. पोकलेनचे छायाचित्र उपसा दाखवते, पण किती उपसा आणि कुठे, हे दाखवत नाही. न्यायालयाला आकडा लागतो.

आकडा काढणे अवघड नाही. खड्ड्याची लांबी आणि रुंदी टेपने मोजा, खोली पाच-सहा ठिकाणी खुणा केलेल्या बांबूने मोजून तिची सरासरी काढा. समजा लांबी ६० फूट, रुंदी ४० फूट आणि सरासरी खोली ६ फूट आली, तर १४,४०० घनफूट म्हणजे १४४ ब्रास. आता त्याच महिन्याचे वाहतूक पास पाहा. पास ४० ब्रासचे असतील तर उरलेले १०४ ब्रास कुठे गेले, हा प्रश्न तुम्ही न विचारताही कागदावर उभा राहतो. पर्यावरण मंत्रालयाच्या वाळू उत्खननाच्या मार्गदर्शक सूचनांनुसार खोली तीन मीटर किंवा पाण्याची पातळी, यांपैकी जे कमी असेल त्याच्या पुढे जाता येत नाही. म्हणून खड्ड्यात पाणी लागलेले असेल तर ती गोष्ट आवर्जून नोंदवा.

नदीपात्राची पातळी खाली गेली हे दाखवण्यासाठी मात्र पक्की खूण लागते, कारण पात्र दर पुराला बदलते. एका गावाने वापरलेली युक्ती मला फार उपयोगी वाटली. त्यांच्या पाणीपुरवठा योजनेच्या जॅकवेलला (नदीतले पाणी उचलण्यासाठी पात्रात बांधलेल्या विहिरीला) सिमेंटच्या पायऱ्या होत्या. पावसाळा संपल्यावर वाळूच्या वर चार पायऱ्या दिसत होत्या. त्यांनी दर महिन्याच्या पहिल्या तारखेला, त्याच जागी उभे राहून, त्याच दिशेने छायाचित्र काढले आणि ग्रामपंचायतीच्या वहीत नोंद केली. फेब्रुवारीत सात पायऱ्या दिसू लागल्या होत्या आणि आठव्याच्या जागी उघडा पडलेला पाया होता. या मालिकेपुढे समोरच्या वकिलांना फारसे बोलता आले नाही. तुमच्याकडे जॅकवेल नसेल तर पुलाचा खांब, घाटाची दगडी पायरी किंवा कोल्हापुरी बंधाऱ्याचा काठ चालतो.

सार्वजनिक उपग्रह प्रतिमा जोडायला हरकत नाही. सेंटिनेल-२ या उपग्रहाच्या प्रतिमा मोफत मिळतात आणि तेच ठिकाण साधारण पाच दिवसांनी पुन्हा टिपले जाते. मात्र त्यांत दहा मीटरपेक्षा लहान वस्तू ओळखू येत नाही. नदीकडे जाणारा नवा रस्ता, वाळूचा मोठा साठा, पात्राचा बदललेला आकार एवढे त्यांत दिसते, ट्रॅक्टर दिसत नाही. जेवढे दिसते तेवढेच म्हणा.

छायाचित्राची मूळ फाईल जपून ठेवा. व्हॉट्सअॅपवरून पाठवलेल्या छायाचित्राची फाईल दाबून लहान केली जाते आणि वेळ-ठिकाणाची नोंद पुसली जाते. मी स्वतः पहिल्या प्रकरणात ही चूक केली होती. चाळीस छायाचित्रे गटावरून उतरवून घेतली, आणि ती कोणी, केव्हा, कुठून काढली हे विचारल्यावर माझ्याकडे उत्तर नव्हते. ज्याने छायाचित्र काढले त्याचा फोन बदलण्याआधी मूळ फाइल दोन ठिकाणी उतरवून घ्या. उच्च न्यायालयात किंवा फौजदारी प्रकरणात भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ प्रमाणे इलेक्ट्रॉनिक नोंदीसोबत दोन भागांचे प्रमाणपत्र लागते. पहिला भाग नोंद सादर करणाऱ्याने आणि दुसरा तज्ज्ञाने भरायचा असतो. हरित न्यायाधिकरण पुराव्याच्या कायद्याने बांधलेले नाही, तरीही प्रमाणपत्र जोडलेले असले तर मूळ कोणते या वादात तारखा वाया जात नाहीत.

सावधान: वाहने अडवू नका, चालकाशी हुज्जत घालू नका, रात्री एकट्याने पात्रात उतरू नका. या व्यवसायात तलाठी आणि पोलिसांवरही वाहने घातली गेली आहेत. वाहन अडवल्याने कायद्याच्या दृष्टीने काही मिळत नाही आणि उलट तुमच्यावरच खंडणीची तक्रार दाखल होते. ताज्या खड्ड्याच्या कडा ढासळतात, त्यामुळे मोजमाप दिवसा, तिघाचौघांनी मिळून आणि काठावरून जेवढे शक्य आहे तेवढेच करावे.

४. लेखी तक्रार आणि पोच

न्यायालय तुम्हाला पहिला प्रश्न विचारेल, "प्रशासनाकडे गेला होता का?" फोनवर सांगितले, आमदारांना भेटलो, उपोषण केले ही उत्तरे नोंदीत जात नाहीत. आवक क्रमांक आणि शिक्का असलेली पोच जाते.

तक्रार तहसीलदार, उपविभागीय अधिकारी, जिल्हाधिकारी, पोलीस अधीक्षक आणि महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाचे उपप्रादेशिक कार्यालय यांना एकाच तारखेला द्यावी, हस्ते दिली तर पोच घेऊन आणि टपालाने पाठवली तर पोचपावतीसह. तिच्यात मागणी नेमकी करावी: महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ४८(७) खाली पंचनामा करून बाजारभावाच्या पाचपटीपर्यंतचा दंड लावावा, कलम ४८(८) खाली यंत्रे व वाहने जप्त करावीत, आणि चोरीचा गुन्हा नोंदवावा. "योग्य ती कारवाई व्हावी" असे लिहिले की उत्तरही "योग्य ती कारवाई करण्यात आली आहे" असेच येते.

पोलीस ठाण्यात बरेचदा "हा महसूलचा विषय आहे" असे सांगून परत पाठवतात. हे चूक आहे. दिल्ली राज्य विरुद्ध संजय या २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे की खनिज कायद्याखालील कारवाईसाठी प्राधिकृत अधिकाऱ्याची तक्रार लागत असली, तरी नदीतून वाळू नेणे ही सरकारी मालमत्तेची चोरीही आहे आणि तिचा गुन्हा पोलीस स्वतंत्रपणे नोंदवू शकतात. ठाण्याने नकार दिला तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) खाली पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज करावा. तिथेही काही झाले नाही तर कलम १७५(३) खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे शपथपत्रासह जावे. अधीक्षकांची पायरी गाळून थेट दंडाधिकाऱ्यांकडे गेलेले अर्ज तेवढ्याच कारणाने परत येतात.

५. मुदत मोजा, मगच न्यायालय निवडा

हा टप्पा दोन परिच्छेदांचा आहे, पण निम्मी प्रकरणे इथेच बुडतात. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण अधिनियम, २०१० च्या कलम १४ खालील अर्ज वादकारण प्रथम उद्भवल्यापासून सहा महिन्यांत करावा लागतो. पुरेसे कारण दाखवल्यास आणखी ६० दिवस मिळतात, त्यानंतर एकही दिवस नाही. नुकसानभरपाई आणि नदीची पूर्ववत स्थिती मागणारा कलम १५ खालचा अर्ज पाच वर्षांत करता येतो, तिथेही वर ६० दिवस. पर्यावरण मंजुरीविरुद्धचे कलम १६ खालचे अपील मात्र मंजुरी कळवली गेल्यापासून ३० दिवसांत करावे लागते आणि जास्तीत जास्त आणखी ६० दिवस मिळतात. मंजुरीची जाहिरात स्थानिक वृत्तपत्रात येते, आणि ती तुम्ही वाचली नाही ही सबब सहसा टिकत नाही.

"प्रथम" या शब्दावर लक्ष ठेवा. दर महिन्याला नवी तक्रार दिल्याने मुदत नव्याने सुरू होत नाही. उपसा रोज चालू आहे म्हणून कारणही रोज घडते, असा युक्तिवाद करता येतो आणि काही वेळा तो मान्यही होतो, पण त्याच्या भरवशावर बसू नये. माहिती अधिकाराचे उत्तर, त्यावर अपील, मग पुन्हा स्मरणपत्र, या चक्रात सहा महिने सहज निघून जातात. कागद अपुरे असले तरी पाचव्या महिन्यात अर्ज तयार असलाच पाहिजे. उरलेले कागद नंतर जोडता येतात.

६. कोणत्या दारात जायचे

पर्यावरण मंजुरी नसताना किंवा तिच्या अटी मोडून उपसा होत असेल आणि त्याचा फटका संपूर्ण गावाला बसत असेल, तर पुण्यातील हरित न्यायाधिकरणाचे पश्चिम विभागीय खंडपीठ हे स्वाभाविक ठिकाण आहे. मात्र एक गोष्ट नीट समजून घ्या. या न्यायाधिकरणाची अधिकारिता कायद्याच्या पहिल्या अनुसूचीतील सात कायद्यांपुरती आहे. त्यांत पर्यावरण संरक्षण, जल, वायू, वनसंवर्धन आणि जैवविविधता हे कायदे आहेत, पण खाण व खनिज अधिनियम, १९५७ नाही, आणि जमीन महसूल अधिनियमही नाही. केवळ "स्वामित्वधन (खनिजापोटी सरकारला द्यायची रक्कम) बुडवले" आणि "कलम ४८ चा भंग झाला" एवढेच म्हणणारा अर्ज म्हणूनच तिथे टिकत नाही. पाया पर्यावरण संरक्षण अधिनियम, १९८६ आणि त्याखालील १४ सप्टेंबर २००६ ची पर्यावरणीय आघात मूल्यांकन अधिसूचना हाच असायला हवा. पाच हेक्टरपेक्षा लहान घाटांनाही मंजुरी लागते, हे दीपक कुमार विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१२ रोजी सांगितल्यापासून "आमचा घाट लहान आहे" हे उत्तर चालत नाही. खाडीतील उपशासाठी सागरी किनारा नियमन क्षेत्राच्या अधिसूचनेचा आधार जोडावा. तिथे वाळू काढण्यास मनाई आहे. अपवाद आहे तो पारंपरिक समाजांनी हातपाटी किंवा डुबी पद्धतीने (यंत्राशिवाय, बुडी मारून हाताने), परवानगी घेऊन हटवायच्या वाळूच्या बांधांपुरता.

प्रशासन कारवाईच करत नाही, पोलीस संरक्षण हवे आहे, अधिकाऱ्यांच्या संगनमताचा आरोप आहे किंवा शासन निर्णयालाच आव्हान द्यायचे आहे, अशा वेळी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय योग्य ठरते. हरित न्यायाधिकरण अस्तित्वात आल्याने उच्च न्यायालयाचा हा अधिकार संपलेला नाही. बीड, जालना, परभणी, नांदेडकडील लोकांनी औरंगाबाद खंडपीठाकडे जावे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाले आहे. जनहित याचिका करणार असाल तर स्वतःची ओळख, व्यवसाय, उत्पन्न आणि विषयाशी असलेला हितसंबंध उघड करावा लागतो. तुमच्या चुलत भावाने त्याच घाटाच्या लिलावात बोली लावली होती आणि ती हरली होती, ही गोष्ट तुम्ही लपवली तर समोरचा पक्ष ती सांगणारच.

तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात मनाईचा दावा लावणे ही जुन्या सवयीची चूक आहे. न्यायाधिकरणाच्या कक्षेतील वादांबाबत दिवाणी न्यायालयांची अधिकारिता कलम २९ ने काढून घेतली आहे. तुमच्या मालकीच्या गटात घुसून कोणी वाळू किंवा माती नेत असेल तर तो मालकी हक्काचा वाद आहे आणि तिथे दिवाणी दावा चालतो.

सावधान: एकाच मागणीसाठी दोन्हीकडे जाऊ नका. पुण्यात अर्ज प्रलंबित असताना उच्च न्यायालयात तीच याचिका दाखल केली तर दोन्हीकडचा विश्वास जातो. अन्य कोठेही प्रकरण प्रलंबित नाही, असे निवेदन तुम्ही शपथेवर केलेले असते, हेही लक्षात ठेवा.

७. अर्ज लिहिणे

पक्षकारांची यादी सगळ्यात आधी करा. राज्य शासन संबंधित विभागामार्फत, जिल्हाधिकारी, जिल्हा खनिकर्म अधिकारी, तहसीलदार, पोलीस अधीक्षक, प्रदूषण नियंत्रण मंडळ, मंजुरीचा विषय असेल तर राज्यस्तरीय पर्यावरण आघात मूल्यांकन प्राधिकरण, आणि ठेकेदार. ठेकेदाराशी वैर नको म्हणून त्याला वगळणारे बरेच अर्जदार भेटतात. त्याला न ऐकता त्याच्याविरुद्ध दिलेला आदेश वरच्या न्यायालयात टिकत नाही, आणि मग दोन वर्षांची मेहनत वाया जाते. वाळूचोर अज्ञात असतील तर तसे लिहा आणि वाहन क्रमांकांची यादी जोडा.

घटनाक्रम तारीखवार लिहावा आणि प्रत्येक विधानापुढे जोडपत्राचा क्रमांक यावा. विशेषणे काढून टाका. "वाळूमाफियांच्या मुजोरीने गोदामाईचे लचके तोडले जात आहेत" असे वाक्य वृत्तपत्रात शोभते. अर्जात त्याऐवजी असे लिहावे: "दिनांक अमुक रोजी गट क्रमांक अमुकलगतच्या नदीपात्रात, मंजूर सीमेच्या बाहेर, सुमारे १४४ ब्रास आकारमानाचा खड्डा आढळला. मोजमापाचा तक्ता जोडपत्र चारमध्ये आहे."

मागण्यांवर सर्वाधिक वेळ घालवा. "जिल्ह्यातील बेकायदा वाळू उपसा कायमचा बंद करावा" ही मागणी मान्य झाली तरी उपयोग शून्य, कारण बेकायदा उपसा आधीच बंद असायला हवा. मागण्या अशा असाव्यात: अमुक अक्षांश-रेखांशांच्या दरम्यान यंत्राने उपसा करण्यास अंतरिम मनाई करावी, जिल्हाधिकाऱ्यांनी ठरावीक दिवसांत नदीकडे जाणारे अमुक दोन रस्ते खंदक खणून बंद करावेत, संयुक्त समितीने पाहणी करून उपशाचे आकारमान आणि नुकसान ठरवावे, पर्यावरणीय नुकसानभरपाई वसूल करून ती याच पात्राच्या पुनर्स्थापनेसाठी वापरावी, आणि अंमलबजावणीचा अहवाल दाखल करावा. कोणी, कुठे, किती दिवसांत, काय करायचे हे ज्या मागणीत नाही तिची अंमलबजावणी होत नाही.

मंजुरीला आव्हान असेल तर जिल्हा सर्वेक्षण अहवालावर घाव घाला. बिहार राज्य विरुद्ध पवन कुमार या नोव्हेंबर २०२१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने या अहवालाचे महत्त्व अधोरेखित केले, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये जम्मू-काश्मीरच्या प्रकरणात वाळू पुनर्भरणाचा अभ्यास नसलेला अहवाल मंजुरीचा आधार होऊ शकत नाही असे म्हटले. त्यामुळे आपल्या जिल्ह्याच्या अहवालात तुमच्या घाटाचे पुनर्भरण कोणत्या वर्षी, पावसाळ्यापूर्वी आणि नंतर मोजून काढले आहे का, हे पान उघडून पाहा. शेजारच्या घाटाचे आकडे जसेच्या तसे उतरवलेले दिसले तर दोन्ही पाने समोरासमोर जोडा. त्यावर वेगळे भाष्य लागत नाही.

८. दाखल करणे

हरित न्यायाधिकरणात नुकसानभरपाई मागितलेली नसेल तर शुल्क १,००० रुपये आहे. भरपाई मागितली असेल तर रकमेच्या एक टक्का. म्हणून पाच कोटींचा आकडा आवेशात लिहिण्यापूर्वी शुल्काचा हिशेब करा. अर्ज ई-फायलिंगने होतो. कामकाज इंग्रजीत चालते, त्यामुळे सातबारा, पंचनामे, ग्रामसभेचे ठराव अशा प्रत्येक मराठी कागदाचे भाषांतर लागते. रजिस्ट्री त्रुटी काढते त्यांत भाषांतर नसणे, पाने अस्पष्ट असणे आणि शपथपत्र नीट नसणे या नेहमीच्या. वकील न देता स्वतः बाजू मांडता येते. महिला तसेच अनुसूचित जाती-जमातींच्या अर्जदारांना उत्पन्नाची अट न लावता विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो, आणि त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.

९. सुनावणी आणि समितीची पाहणी

पहिल्या तारखेला मिळण्यासारख्या गोष्टी दोन: नोटीस आणि संयुक्त समिती. समितीत बहुधा जिल्हाधिकाऱ्यांचे प्रतिनिधी, प्रदूषण नियंत्रण मंडळ आणि पर्यावरण प्राधिकरणाचे लोक असतात. ज्यांच्या निष्क्रियतेविरुद्ध तुम्ही गेलात त्यांतलेच काही जण पाहणीला येतात, हे कडू वाटले तरी गृहीत धरून चालावे. नोटीस वेळेत बजावून तिचे शपथपत्र दाखल करा, नाहीतर पुढची तारीख निव्वळ बजावणीसाठी पडते.

पाहणीच्या दिवशी काय होते ते एकदा पाहिलेले बरे. मी गेलो होतो त्या घाटावर समिती सकाळी अकराला पोहोचली. आदल्या रात्री पात्रात उतरायचा रॅम्प मोडला होता, रस्त्यावर नांगर फिरवला होता आणि खड्डे काठावरची माती लोटून भरले होते. समितीने "पाहणीवेळी उपसा आढळला नाही" असे लिहायला घेतले. अर्जदाराने तेव्हा भांडण केले नाही. त्याने पूर्वीच्या मोजमापाचा तक्ता, जागांचे अक्षांश-रेखांश आणि जॅकवेलच्या छायाचित्रांची मालिका लेखी निवेदनासोबत समितीला दिली, पोच घेतली आणि भरलेल्या खड्ड्यात बांबू खुपसून दाखवला. वाळूच्या पात्रात तो चार फूट काळ्या मातीतून गेला. ती नोंद अहवालात घ्यावी, असे त्याने तिथेच लिहून दिले.

पाहणी पावसाळ्यात ठेवली जात असेल तर हरकत नोंदवा. १० जून ते ३० सप्टेंबर या काळात उपशाला बंदीच असते आणि पात्रही पाण्याखाली असते. तेव्हा काहीच आढळणार नाही हे सगळ्यांना ठाऊक असते.

अहवाल विरुद्ध गेला तर खचून जाऊ नका, पण गप्पही बसू नका. समिती वस्तुस्थिती शोधायला असते, निर्णय न्यायाधिकरणानेच द्यायचा असतो, आणि ही जबाबदारी समितीवर ढकलता येत नाही असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये गुजरातच्या एका प्रकरणात सांगितले आहे. हरकती परिच्छेदवार द्या: अहवालाचा परिच्छेद, त्यातील चूक, आणि ती दाखवणारे जोडपत्र.

तपासून पाहा: प्रत्येक तारखेचा आदेश संकेतस्थळावरून उतरवून घेतला का? त्यात तुमचे मुख्य म्हणणे नोंदले गेले आहे का? नसेल तर पुढच्या तारखेला लगेच निदर्शनास आणा.

१०. आदेश मिळाल्यानंतर

आदेशाची प्रमाणित प्रत त्यातील प्रत्येक अधिकाऱ्याला स्वतःच्या पत्रासह द्या आणि पोच घ्या. "आदेश प्राप्त झालेला नाही" हे उत्तर त्यामुळे बंद होते. आदेशातील प्रत्येक मुदत दिनदर्शिकेवर लिहून ठेवा आणि ती उलटली की आठवडाभरात पात्राची पुन्हा मोजणी करा, त्याच जागी, त्याच पद्धतीने.

पालन झाले नाही तर नवा अर्ज करू नका. न्यायाधिकरणाचा आदेश कलम २५ प्रमाणे दिवाणी हुकूमनाम्यासारखा अंमलात आणता येतो, त्यासाठी अंमलबजावणीचा अर्ज करावा. कलम २६ मध्ये आदेश न पाळणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दहा कोटी रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा आहे, मात्र खाजगी व्यक्तीला ती तक्रार करण्यापूर्वी ६० दिवसांची नोटीस द्यावी लागते. आदेश विरुद्ध गेल्यास सर्वोच्च न्यायालयात अपील ९० दिवसांत करावे लागते. हे दिवस आदेश कळवल्यापासून मोजले जातात, म्हणून निकालपत्र हाती येताच पहिल्या पानावर तारीख टाकून ठेवा.

मनाई आदेशानंतर उपसा बरेचदा थांबत नाही, तो दोन-तीन किलोमीटर वर किंवा खाली सरकतो. अर्जातील अक्षांश-रेखांशांच्या बाहेर गेलेल्या यंत्राला तुमचा आदेश लागू होत नाही. म्हणून सुरुवातीलाच, सातव्या टप्प्यातल्या मागण्या लिहिताना, एका घाटाऐवजी वरच्या बंधाऱ्यापासून खालच्या पुलापर्यंतचा पट्टा धरावा, आणि वरच्या व खालच्या गावांच्या ग्रामसभांचे ठराव अर्जासोबतच जोडावेत.